रविवार मिळवून देणारे रावबहादूर : नारायण मेघाजी लोखंडे

बेंगळुरूसारख्या विस्तीर्ण शहरात मराठी माणसांचे एकत्र येणे बहुधा रविवारीच घडते. शाळेच्या माजी विद्यार्थ्यांचा मेळावा असो, पालकसभा असो, गणेशोत्सवातील नाटकाची तालीम असो की एखाद्या घरचे हळदीकुंकू असो, सर्वांची सवड जुळते ती याच दिवशी. मल्लेश्वरमला राहणारे काका आणि व्हाइटफील्डला नोकरी करणारा पुतण्या एकाच पंक्तीला जेवायला बसतात तेही रविवारी. हा वार जणू सूर्यचंद्राप्रमाणे निसर्गानेच आपल्याला सुट्टीसाठी नेमून दिला आहे, अशी आपली समजूत असते. वस्तुतः या देशातील कष्टकऱ्यांच्या वाट्याला रविवार आला तो सव्वाशेहून अधिक वर्षांपूर्वी, दीर्घ खटपटीनंतर. आणि ती खटपट ज्यांनी आरंभली व तडीस नेली ते गृहस्थ मराठी होते. हीरक महोत्सवाच्या निमित्ताने आपण सारे पुन्हा एकत्र येत असताना, एकत्र येण्याचा हा दिवस ज्यांच्यामुळे लाभला त्या नारायण मेघाजी लोखंडे यांच्या चरित्राचे स्मरण करणे उचित ठरेल.

लोखंडे यांचा जन्म १८४८ साली ठाणे येथे झाला. त्यांचे घराणे मूळचे पुणे जिल्ह्यातील कन्हेरसरचे, फुलमाळी समाजातील. उदरनिर्वाहासाठी गाव सोडून दूरच्या शहरात बिऱ्हाड करावे लागणे म्हणजे काय, हे बेंगळुरूतील मराठी कुटुंबांना समजावून सांगण्याची आवश्यकता नाही. लोखंड्यांच्या घरी परिस्थिती बेताची होती. तरीही नारायणराव मॅट्रिकपर्यंत शिकले. त्या काळी बहुजन समाजातील मुलाने इतके शिकणे ही सामान्य गोष्ट नव्हती.

त्यांचे बालपण ज्या काळात गेले तो काळही विलक्षण होता. नारायणराव पाच वर्षांचे असताना, १६ एप्रिल १८५३ रोजी, हिंदुस्थानातील पहिली प्रवासी आगगाडी मुंबईच्या बोरीबंदरावरून निघाली आणि सुमारे तासाभरात ठाण्यास येऊन पोहोचली. पुढच्याच वर्षी, १८५४ साली, दोन महत्त्वाच्या घटना घडल्या. पत्र जवळ जावो की दूर जावो, अर्ध्या आण्याच्या तिकिटावर ते साऱ्या देशभर पोहोचवण्याची नवी टपालव्यवस्था सुरू झाली. आणि मुंबईत कावसजी दावर यांनी कापडाच्या पहिल्या गिरणीची पायाभरणी केली. आगगाडी, टपाल आणि गिरणी या तिन्ही गोष्टींनी दूरदूरच्या माणसांना एकमेकांजवळ आणले. परंतु जवळ आलेली माणसे एकमेकांशी जोडली जातातच असे नाही. नारायणरावांच्या आयुष्यातील बहुतेक कार्य हे अंतर भरून काढण्याचे होते.

योगायोग असा की, या तिन्ही ठिकाणी त्यांनी स्वतः नोकरी केली. आरंभी ते रेल्वेच्या टपाल खात्यात होते, नंतर टपाल कचेरीत. त्याच दशकात, १८७९ साली, एका पैशाचे पोस्टकार्ड निघाले आणि १८८० साली टपाल खात्याने मनीऑर्डरी स्वीकारण्यास प्रारंभ केला. मुंबईच्या गिरण्यांत राबणारा रत्नागिरीकडचा चाकरमानी आपल्या मिळकतीतला वाटा घरी धाडू लागला तो याच मार्गाने. घामाचा पैसा घरी पोहोचू लागला, खुशालीची चार अक्षरे पोहोचू लागली. ज्याला लिहिता येत नसे तो दुसऱ्याकडून लिहवून घेई. माणसे दूर असली तरी त्यांच्यामधला धागा तुटू न देण्याची शक्ती या नव्या साधनांत होती.

पुढे लोखंडे मुंबईतील मांडवी भागातल्या एका कापडगिरणीत भांडारपाल म्हणून, म्हणजे आजच्या भाषेत स्टोअरकीपर म्हणून रुजू झाले. येथे त्यांना यंत्रयुगाची दुसरी बाजू दिसली. गिरणीचा दिवस सूर्योदयाला सुरू होई आणि सूर्यास्ताला संपे. उन्हाळ्यात दिवस मोठा, म्हणून काम अधिक. दुपारच्या विश्रांतीचा निश्चित वेळ ठरलेला नसे. कित्येक कामगार यंत्रापाशीच दोन घास खाऊन घेत. सणावाराच्या मोजक्या सुट्ट्या सोडल्या तर आठवड्याची अशी सुट्टी नव्हती. आणि यंत्रे बंद असली तरी ती पुसण्यासाठी, साफ करण्यासाठी कामगारांना बोलावून घेतले जाई. केलेल्या कामाचा पगार पुढच्या महिन्यात बऱ्याच उशिराने हातात पडे. तोवर वाण्याची उधारी आणि सावकाराचे व्याज चालूच राही. पट्ट्यात हात सापडला, बोट तुटले, तर कामगाराचे दैव आणि तो. स्त्रिया सूत गुंडाळण्याच्या खात्यांत काम करीत. लहान मुलेही असत. १८८१ सालच्या कारखान्यांच्या पहिल्या कायद्याने सात वर्षांखालील मुलांना कामावर ठेवण्यास मनाई केली आणि सात ते बारा वर्षांच्या मुलांच्या कामावर नऊ तासांची मर्यादा घातली. त्यांना महिन्यातून चार सुट्ट्याही देवविल्या. मोठ्या माणसांच्या वेळेबद्दल मात्र त्या कायद्याने काहीच केले नाही.

या हालअपेष्टांत एक गोष्ट सहसा लक्षात येत नाही. एकाच चाळीत, कित्येकदा एकाच खोलीत राहणाऱ्या माणसांनाही एकमेकांची ओळख होण्यास अवधी नव्हता. पहाटे अंधारात निघावे, रात्री अंधारात परतावे. अशा स्थितीत मूल केव्हा मोठे झाले हे बापाला कळू नये, भजनी मंडळ जमू नये, रात्रशाळेत बसावे तर डोळे मिटावेत. गिरणीने हजारो माणसे एका छपराखाली आणली होती. परंतु यंत्राच्या खडखडाटात शेजाऱ्याचा शब्दही ऐकू येत नव्हता. लोखंड्यांनी हे भांडारघराच्या दारातून रोज पाहिले.

त्यांची वैचारिक बैठक मात्र गिरणीबाहेर घडली होती. महात्मा जोतीराव फुले यांनी २४ सप्टेंबर १८७३ रोजी पुण्यात सत्यशोधक समाजाची स्थापना केली. त्या चळवळीशी लोखंडे यांचा निकटचा संबंध आला आणि ते जोतीरावांचे प्रमुख सहकारी झाले. मुंबईत या चळवळीला बळ मिळाले त्यात तेथील तेलुगू भाषक मंडळींचाही मोठा वाटा होता. व्यंकू बाळाजी काळेवार, जाया काराडी लिंगू, रामय्या व्यंकय्या अय्यावारू ही नावे सत्यशोधक समाजाच्या इतिहासात आदराने घेतली जातात. परप्रांतातून मुंबईत येऊन स्थिरावलेल्या या माणसांनी मराठी चळवळ आपली मानली. कन्नड मुलखात तीन पिढ्या राहिलेल्या आपणा मराठी माणसांना या गोष्टीचे मोल विशेष जाणवावे.

सत्यशोधक विचारांचे पहिले पत्र ‘दीनबंधु’ हे कृष्णराव भालेकर यांनी १ जानेवारी १८७७ रोजी पुण्यात सुरू केले होते. शेतकरी, कारागीर आणि कष्टकरी यांच्या बाजूने लिहिणारे हे साप्ताहिक पैशाअभावी बंद पडले. १८८० साली लोखंड्यांनी ते मुंबईत पुन्हा उभे केले आणि पुढे नोकरी सोडून पत्रास व समाजकार्यास वाहून घेतले. निश्चित पगाराची नोकरी सोडून, एकदा बुडालेले वर्तमानपत्र चालवायला घेणे हे व्यवहारी शहाणपणाचे लक्षण नव्हते. परंतु छापील कागद हे त्या काळचे सर्वांत समर्थ साधन आहे, हे त्यांनी ओळखले होते. ज्याला वाचता येत नाही त्यालाही वाचून दाखवता येते. आणि एका अंकाभोवती दहा माणसे बसली की त्या दहांना आपले दुःख एकट्याचे नाही हे उमगते. पगाराची दिरंगाई परळच्या गिरणीत आहे तशीच ताडदेवच्या गिरणीतही आहे, ही माहिती दिसायला साधी. पण चळवळीचा जन्म अशाच माहितीतून होतो.

‘दीनबंधु’च्या संपादकपदाच्या काळातील एक प्रसंग येथे सांगणे आवश्यक आहे, कारण चरित्र म्हणजे केवळ स्तुती नव्हे. जोतीरावांचा ‘शेतकऱ्याचा असूड’ हा ग्रंथ १८८३ च्या सुमारास ‘दीनबंधु’मधून क्रमशः येऊ लागला. आरंभीची दोन प्रकरणे छापल्यानंतर लोखंड्यांनी पुढील भाग छापण्याचे थांबवले. सरकारी अंमलदारांवरील त्यातील प्रखर टीका पत्राला झेपणार नाही, अशी भीती त्यांना वाटली असावी. जोतीराव यामुळे नाराज झाले आणि त्यांनी तो भ्याडपणा मानला. पुढील पिढ्यांचा कौल या बाबतीत जोतीरावांच्याच बाजूने पडला आहे. परंतु या प्रसंगामुळे गुरुशिष्यांचा संबंध कायमचा तुटला नाही. पुढे कामगारांच्या प्रश्नावर दोघेही एकाच बाजूला उभे राहिले. लोखंडे प्रकृतीने समेटाचे, अर्जविनंत्यांचे, कायद्याच्या चौकटीतून वाट काढणारे होते. ही त्यांची मर्यादा होती, आणि त्यांच्या पुढील यशाचे एक कारणही तेच होते.

१८८४ साली मुंबई सरकारने गिरण्यांतील परिस्थितीची चौकशी करण्यासाठी एक मंडळ नेमले. कामगारांची बाजू त्यापुढे मांडणार कोण, हा प्रश्न होता. लोखंड्यांनी २३ सप्टेंबर १८८४ रोजी परळच्या सुपारीबागेत गिरणी कामगारांची सभा बोलावली आणि तीनच दिवसांनी, २६ सप्टेंबरला, दुसरी सभा भरवली. हिंदुस्थानात कामगारांनी स्वतःच्या मागण्या ठरविण्यासाठी भरवलेल्या आरंभीच्या सभांपैकी या सभा होत. तेथे सिद्ध झालेल्या निवेदनावर साडेपाच हजार कामगारांनी सह्या केल्या. मागण्या पाच होत्या. दर रविवारी पूर्ण सुट्टी मिळावी. दुपारी अर्धा तास विश्रांती असावी. काम सकाळी साडेसहाला सुरू होऊन सूर्यास्ताला थांबावे. मागील महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या १५ तारखेच्या आत मिळावा. आणि कामावर जखमी झालेल्यास बरा होईपर्यंत पूर्ण पगार, व कायमचे अपंगत्व आल्यास चरितार्थाची सोय असावी.

आज या मागण्या वाचताना त्यांचा सौम्यपणा आश्चर्यकारक वाटतो. सकाळी साडेसहापासून सूर्यास्तापर्यंत काम करण्याची तयारी मागणीतच दर्शविली होती! परंतु साडेपाच हजार सह्या मिळवणे म्हणजे काय, याची कल्पना करून पाहावी. बहुसंख्य माणसे निरक्षर. जॉबरचा डोळा चुकवायचा. उद्या कामावर घेतील की नाही याची शाश्वती नाही. अशा स्थितीत प्रत्येक सहीमागे आणि प्रत्येक अंगठ्यामागे कोणीतरी कोणाला तरी समजावले होते, धीर दिला होता. चाळीच्या जिन्यात, नळावर, खाणावळीत झालेली ती कुजबूज कोठेही नोंदलेली नाही; पण निवेदनाचा खरा मजकूर तोच होता.

त्याच १८८४ सालाची आणखी एक नोंद बेंगळुरूच्या वाचकांसाठी. याच वर्षी आपल्या या शहरात बेंगलोर वुलन, कॉटन अँड सिल्क मिल्स ही कंपनी उभी राहिली. पुढे बिन्नी मिल या नावाने ती सर्वतोमुखी झाली. गिरणीचा भोंगा आणि त्यावर बांधलेले आयुष्य हे केवळ मुंबईचे प्राक्तन राहिले नव्हते. मुंबईत ठरणाऱ्या गोष्टींचा परिणाम पुढे सर्वत्र होणार होता.

लोखंड्यांच्या पुढाकाराने गिरणी कामगारांची जी संघटना आकारास आली ती ‘बॉम्बे मिलहँड्स असोसिएशन’ या नावाने ओळखली जाते. तिला नियमावली नव्हती, सभासदांची नोंदवही नव्हती, वर्गणी नव्हती आणि निधीही नव्हता. म्हणूनच काही अभ्यासक तिला आधुनिक अर्थाने कामगार संघटना मानत नाहीत. तांत्रिकदृष्ट्या ते बरोबरही असेल. तथापि, जिच्यापाशी कागदोपत्री काहीच नव्हते त्या संघटनेच्या हाकेला हजारो माणसे धावून येत होती, हेही तितकेच खरे. तिचे भांडवल म्हणजे ‘दीनबंधु’चा अंक, मैदानातील सभा आणि लोखंडे या माणसावरचा विश्वास.

अर्ज गेले, स्मरणपत्रे गेली. सहा वर्षे लोटली. अखेर २४ एप्रिल १८९० रोजी महालक्ष्मीच्या घोडदौडीच्या मैदानावर विराट सभा भरली. सुमारे दहा हजार कामगार जमले होते. या सभेचे एक वैशिष्ट्य असे की, त्यात दोन स्त्री कामगारांनी भाषणे केली. त्या काळात सुशिक्षित घरांतील स्त्रियांनाही सभेत बोलण्याची मुभा क्वचितच मिळे. येथे गिरणीत राबणाऱ्या दोन स्त्रिया दहा हजारांपुढे उभ्या राहिल्या. रविवारच्या सुट्टीची गरज त्यांच्याहून अधिक कोण जाणत होते? गिरणीतून सुटल्यावर त्यांना घरातील चूल, पाणी आणि मुले यांचे दुसरे काम वाट पाहत असे. सभेने गिरणीमालकांच्या संघाकडे साप्ताहिक सुट्टीचा अर्ज पाठवण्याचे ठरवले. त्यानंतर सुमारे दीड महिन्याने, १० जून १८९० रोजी, मालकांच्या संघाने रविवारची सुट्टी मान्य केली.

रविवारच का, असा प्रश्न कोणी विचारील. सरकारी कचेऱ्या त्या दिवशी बंद असत, हे एक कारण उघड होते. पण महाराष्ट्रातील कष्टकऱ्यांच्या दृष्टीने रविवार हा परका वार नव्हता. तो त्यांच्या खंडोबाचा वार होता. ज्याला आपण खंडोबा म्हणतो त्यालाच कर्नाटकात मैलार म्हणतात, आणि त्याच्या यात्रांना दोन्ही भाषांची माणसे जातात. गिरणीने हिरावून घेतलेला देवाचा वार कामगारांना परत मिळाला, असेही या घटनेकडे पाहता येते. त्या एका दिवसाने काय काय शक्य झाले याची यादी संपणार नाही. भजनी मंडळे, आखाडे, तमाशाचे फड, वाचनालये, जातीजमातींच्या सुधारणेच्या सभा, गावकी आणि गावमंडळांच्या बैठकी अशा कामगारवस्तीतील साऱ्या सार्वजनिक जीवनाला उभे राहण्यासाठी मोकळा दिवस लागतो. पुढील अर्धशतकात मुंबईच्या गिरणगावाने महाराष्ट्राला जे शाहीर, कार्यकर्ते आणि लढे दिले, त्यांच्या मुळाशी हा सर्वांना एकाच वेळी मिळालेला दिवस आहे. एकेकट्याला मिळालेली रजा शरीराला विसावा देते. सर्वांना एकाच दिवशी मिळालेली सुट्टी समाज घडवते.

त्याच वर्षी सरकारने कारखान्यांच्या कायद्याचा फेरविचार करण्यासाठी आयोग नेमला आणि लोखंड्यांना मुंबईच्या कामगारांच्या वतीने त्याच्या कामाशी जोडून घेतले. १८९१ च्या सुधारित कायद्याने साप्ताहिक सुट्टी आणि दुपारची अर्ध्या तासाची विश्रांती यांना कायद्याचे अधिष्ठान मिळाले. स्त्रियांच्या कामाला अकरा तासांची मर्यादा पडली. नऊ वर्षांखालील मुलांना कारखान्याचे दार बंद झाले. सुपारीबागेतील पाच मागण्यांपैकी दोन आता देशाच्या कायद्यात जाऊन बसल्या होत्या. प्रौढ पुरुषांच्या कामाचे तास मर्यादित होण्यास मात्र आणखी वीस वर्षे जावी लागली. मध्यंतरी विजेचे दिवे आले आणि १९०५ च्या सुमारास मुंबईच्या काही गिरण्यांचा दिवस सूर्यास्तानंतरही लांबू लागला. त्याच वर्षी शिवनसमुद्रहून आलेल्या विजेने बेंगळुरूचे रस्ते उजळले, याचा आपल्याला सार्थ अभिमान आहे. एकच दिवा एकीकडे रस्ता दाखवतो आणि दुसरीकडे झोप हिरावतो. तो कोणासाठी आणि किती वेळ जळावा, हे ठरवण्यासाठी माणसांनाच एकत्र यावे लागते.

लोखंड्यांची दृष्टी गिरणीपुरती मर्यादित नव्हती. उच्चवर्णीय विधवांच्या केशवपनाची क्रूर रूढी त्या काळी सर्वत्र पाळली जात असे. या रूढीविरुद्ध लेख लिहिणारे सुधारक पुष्कळ होते. परंतु ज्याच्या हातात वस्तरा आहे त्याच्याशी बोलावे हे सुचले ते सत्यशोधकांना. १८९० च्या सुमारास लोखंड्यांच्या प्रेरणेने मुंबईतील नाभिक बांधवांची सभा भरली आणि विधवांचे केस कापण्याचे काम यापुढे करायचे नाही असा निर्धार त्यांनी केला. ज्या भगिनींशी त्यांचा जातीने, नात्याने काही संबंध नव्हता त्यांच्यासाठी या कारागिरांनी आपल्या मिळकतीवर पाणी सोडण्याची तयारी दाखवली. समाजातील दोन दूरची टोके अशा रीतीने जोडली जाणे ही त्या शतकातील अपूर्व घटना होय.

२८ नोव्हेंबर १८९० रोजी जोतीराव फुले निवर्तले. त्यांच्या पश्चात चळवळीचा मोठा भार लोखंड्यांवर आला. १८९३ च्या ऑगस्ट महिन्यात मुंबईत हिंदू-मुसलमानांचा भीषण दंगा झाला. कालपर्यंत एकाच खात्यात शेजारी शेजारी साचे चालवणारी माणसे एकमेकांवर तुटून पडली. एवढी वर्षे ज्यांना जोडण्यासाठी झटलो ती माणसे एका दिवसात दुभंगलेली पाहणे लोखंड्यांना किती जड गेले असेल! तथापि, ते हताश होऊन घरी बसले नाहीत. कामगारवस्त्यांत फिरून त्यांनी दोन्ही समाजांची समजूत घातली आणि राणीच्या बागेत एकोप्याचा मेळावा भरवला. पुढे सरकारने त्यांना रावबहादूर ही पदवी दिली. पदव्यांचा मोह त्यांना होता की नाही, याविषयी मतभेद होऊ शकतील. ज्या वस्त्यांत ते फिरत होते तेथे मात्र पदवीपूर्वी आणि पदवीनंतर त्यांचे स्थान एकच होते.

१८९६ च्या सप्टेंबरमध्ये मुंबईत ग्रंथिक सन्निपाताची, म्हणजे प्लेगची, साथ उद्भवली. ज्या मांडवी भागात लोखंड्यांनी गिरणीत नोकरी केली होती, तेथेच डॉ. अकासिओ व्हिएगस या गोमंतकीय वैद्याने रोगाचे पहिले निदान केले. पाहता पाहता शहर ओस पडू लागले. ज्या आगगाड्यांनी आणि आगबोटींनी माणसे मुंबईत आणली होती, त्याच आता भरभरून बाहेर जाऊ लागल्या. ज्यांना जाणे शक्य नव्हते ते चाळींतच राहिले. आप्त आप्ताला शिवेना, शेजारी दार उघडेना. अशा वेळी लोखंडे शहर सोडून गेले नाहीत. गरिबांना परक्या रुग्णालयांची धास्ती वाटते हे जाणून त्यांनी त्यांच्यासाठी स्वतंत्र रुग्णालय उभारण्याच्या कामी पुढाकार घेतला आणि रुग्णांच्या सेवेत ते स्वतः वावरू लागले. त्यातच त्यांना संसर्ग झाला आणि ९ फेब्रुवारी १८९७ रोजी त्यांची प्राणज्योत मालवली. त्यांचे वय पन्नाशीच्या आतच होते. त्यानंतर महिन्याभराने, १० मार्च रोजी, पुण्यात प्लेगच्या रुग्णांची सेवा करताना सावित्रीबाई फुले यांनीही देह ठेवला. गुरुपत्नी आणि शिष्य दोघांचाही शेवट एकाच कार्यात झाला.

लोखंड्यांच्या नावाची ओळख पुढे बराच काळ कामगार चळवळीच्या वर्तुळापुरती राहिली. २००५ साली भारतीय टपाल खात्याने त्यांच्या स्मरणार्थ तिकीट काढले. ज्यांनी तरुणपणी टपाल कचेरीत नोकरी केली, त्यांची प्रतिमा शतकानंतर पत्रांवरून घरोघरी गेली, ही घटना त्यांच्या चरित्राला शोभणारी आहे.

आता थोडे आपल्याविषयी. आपल्या शाळेतून बाहेर पडलेले कितीतरी विद्यार्थी आज या शहरातील मोठमोठ्या संगणक कंपन्यांत काम करतात. त्यांच्या कचेरीत भोंगा नाही. पण खिशातला फोन कोणत्याही क्षणी वाजतो. दूरदेशीच्या ग्राहकाचा सोमवार आपल्या रविवारच्या रात्रीच उजाडतो. या फोनने आपल्याला फार दिले आहे. सोलापूरची आजी नातवाचा चेहरा रोज पाहते, विखुरलेली दहावीची तुकडी एका गटात पुन्हा जमते, हे सुख आपल्या आईवडिलांना ठाऊक नव्हते. परंतु गटातील शंभर संदेश वाचूनही प्रत्यक्ष भेटायला सवड नाही, अशी तक्रार शाळेच्या प्रत्येक मेळाव्यात ऐकू येते. साधनाची उणीव नाही. उणीव आहे ती सर्वांच्या मोकळ्या दिवसाची. लोखंड्यांच्या काळातील गिरणीने जो वेळ नेला तो उघडपणे नेला. आपला वेळ मात्र थोडा थोडा, आपल्या संमतीने जातो. म्हणून तो परत मागायचा कोणाकडे, हेही आपल्याला कळत नाही.

दुसरा विचार अधिक अस्वस्थ करणारा आहे. आपण रविवारी निवांत भेटतो तेव्हा सभागृहाच्या दारावर पहारेकरी उभा असतो, मुदपाकखान्यात आचारी घामाघूम झालेला असतो, दुचाकीवरून कोणी मुलगा आपली पार्सले पोहोचवत असतो. त्यांपैकी कितीतरी जण रायचूर, कलबुर्गी, ओडिशा, आसाम येथून आलेले असतात. लोखंड्यांच्या काळी रत्नागिरीहून मुंबईस गेलेल्या चाकरमान्याप्रमाणेच. त्यांचा रविवार कोणत्या वारी येतो, तो येतो की नाही, हे विचारण्याचे आपल्या मनात सहसा येत नाही. आपल्यापैकी अनेक जण आज अधिकाराच्या जागी आहेत. कोणाच्या हाताखाली दहा माणसे आहेत, कोणाच्या हाताखाली हजार. निदान आपल्या घरी राबणाऱ्या मावशींना आठवड्याचा एक दिवस, पगार न कापता आणि न मागता मिळतो आहे ना, एवढे तरी प्रत्येकाला आजच पाहता येईल.

सुपारीबागेतील निवेदनावर सही किंवा अंगठा उमटवणाऱ्या त्या साडेपाच हजारांपैकी जवळपास कोणाचेही नाव आज आपल्याला ठाऊक नाही. महालक्ष्मीच्या मैदानावर बोलायला उभ्या राहिलेल्या त्या दोघी शाळेत गेल्या होत्या की नाही, हेही कोठे लिहिलेले नाही. त्यांच्या मागणीतून आलेल्या दिवशी आपण शाळेच्या अंगणात पुन्हा भेटणार आहोत. हजेरी घेण्यापूर्वी त्यांचे आणि नारायण मेघाजी लोखंडे यांचे स्मरण व्हावे, एवढीच विनंती.